प्रकाशयोजनाकार होऊ इच्छिणाऱ्यांसाठी

विष्णुदास भावे यांनी १८४३ साली ज्या सांगलीत मराठी नाटकाचा पहिला खेळ केला, तेथे नट किंवा गायक होऊ पाहणारे पुष्कळ भेटतात. प्रकाशयोजना शिकायची आहे असे म्हणणारा क्वचितच भेटतो. त्याच्यासाठी हे लिहीत आहे.

हौशी संस्थेच्या तालमींना पहिल्या दिवसापासून बसावे आणि प्रयोगाच्या दिवशी, दिवे भाड्याने देणाऱ्याच्या हाताखाली, स्पॉट टांगण्याची व वायरी ओढण्याची कामे करावीत. विजेचा हिशेब येथेच अंगवळणी पडतो. २३० व्होल्टवर १००० वॉटचा एक दिवा सव्वाचार अँपिअरहून थोडा अधिक प्रवाह घेतो, म्हणून १५ अँपिअरच्या जोडणीवर असे तीनच दिवे लावावेत. टांगलेल्या दिव्याला सुरक्षा-साखळी अडकवल्याशिवाय शिडीवरून उतरू नये. ही सवय मी सर्वांत वरची मानतो, कारण खाली माणसे वावरत असतात.

मग नजर तयार करावी. एक माणूस, एक खुर्ची आणि एक दिवा घेऊन तासभर प्रयोग करून पाहावेत. थेट समोरून आलेला प्रकाश चेहरा सपाट करतो, डोक्यावरून आलेला डोळ्यांच्या खोबणीत काळोख भरतो, तिरक्या बाजूने सुमारे ४५ अंशांवरून आलेला नाकागालांना आकार देतो, आणि पाठीमागचा प्रकाश नटाला पडद्यापासून सुटा करतो. अंतर दुप्पट झाले की उजेड चौथाई उरतो. त्यामुळे एका नाट्यगृहात जमलेले डिमरचे (दिव्याचा उजेड कमी-जास्त करणाऱ्या उपकरणाचे) आकडे दुसरीकडे जसेच्या तसे चालत नाहीत.

संगीत नाटकात गायक पद किती आळवील, ‘वन्स मोअर’ येईल की नाही, हे आधी ठरलेले नसते. म्हणून प्रकाशबदल सेकंदांवर न बांधता समेवर (तालाच्या पहिल्या मात्रेवर) बांधावा आणि डिमरवर बसणाऱ्याने तबल्याकडे कान ठेवावा. ऑपेराचे, म्हणजे पाश्चात्त्य संगीत नाटकाचे, संगीत छापील स्वरलेखनात बांधलेले असते, रंगमंच-व्यवस्थापक ते समोर ठेवूनच प्रत्येक बदलाचा इशारा देतो. तेथे काम करायचे असेल तर पाश्चात्त्य स्वरलेखन वाचता यायला हवे. शिवाय गायकाला वाद्यवृंदाचा संचालक सतत दिसला पाहिजे, त्यामुळे गायकाचे डोळे दिपवणारा दिवा कितीही देखणा वाटला तरी काढावा लागतो.

रीतसर शिक्षणासाठी पुणे विद्यापीठाचे ललित कला केंद्र आणि १९५९ साली स्थापन झालेले दिल्लीचे राष्ट्रीय नाट्य विद्यालय आहे. राज्य नाट्य स्पर्धेत प्रकाशयोजनेला स्वतंत्र पारितोषिक असते, तेव्हा तेथे जरूर उतरावे. केवळ नाटकांवर सांगलीत घर चालणे कठीण आहे, हे मात्र स्पष्ट सांगितले पाहिजे. नृत्याचे आणि गाण्याचे कार्यक्रमही घ्यावे लागतात, आणि त्यांत हात चांगला बसतो. प्रत्येक प्रयोगाचा दिव्यांचा आराखडा, क्यू शीट (प्रकाशबदलांची क्रमवार यादी) व छायाचित्रे तारखेसह जपावीत, म्हणजे पुण्या-मुंबईत काम मागताना समोर ठेवायला काही असते.