लॉटरीचं तिकीट कोणत्या प्रकारचं आहे ते आधी ओळखा, आणि या चुका टाळा

पहिल्या बक्षिसाचा आकडा जुळला नाही की तिकीट चुरगळून टाकायचं, ही सवय आपल्याकडे चांगलीच रुळली आहे. सोडतीच्या संध्याकाळी कुठल्याही लॉटरी सेंटरबाहेर पाहा, पायाखाली तिकिटांचा खच पडलेला असतो. त्यात लागलेलं तिकीटही असू शकतं. मी कर सल्लागार आहे. ज्यांना बक्षीस लागलं ते माझ्याकडे येतात आणि ज्यांचं लागलेलं बक्षीस हातचं गेलं तेही येतात. त्यांचं ऐकताना बहुतेक वेळा लक्षात येतं की हातातलं तिकीट एका प्रकारचं होतं आणि डोक्यात नियम दुसऱ्याच प्रकारचे होते.

राज्य लॉटरी हा एकच खेळ नाही. आधीच क्रमांक छापलेलं कागदी तिकीट असतं, त्यात साप्ताहिक आणि बंपर (सणांना येणारं मोठ्या बक्षिसाचं) असे दोन वर्ग पडतात. दुकानातल्या मशीनमधून निघणारं, आपण आकडे निवडायचं तिकीट वेगळं. त्यातही ४९ पैकी ६ आकडे निवडण्याचा लोटो निराळा आणि दोन किंवा तीन आकडी खेळ निराळे. प्रत्येकात जिंकण्याची रीत, बक्षिसाची रक्कम ठरण्याची पद्धत आणि पैसे हातात येण्याचा रस्ता बदलतो. या सगळ्यांवर १९९८ चा केंद्रीय लॉटरी (विनियमन) कायदा लागू आहे. लॉटरी चालवायची की नाही हे मात्र प्रत्येक राज्य आपापलं ठरवतं. महाराष्ट्र, गोवा, केरळ, पंजाब, पश्चिम बंगाल, सिक्कीम, नागालँड चालवतात. बऱ्याच राज्यांत पूर्ण बंदी आहे. महाराष्ट्राची राज्य लॉटरी १९६९ ची. लोकांनी मटक्याच्या नादी लागू नये हा त्यामागचा एक हेतू होता.

निकाल अर्धवट पाहणं

सगळ्यात जास्त नुकसान इथे होतं, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

केरळचं साप्ताहिक तिकीट घ्या. त्यावर इंग्रजी दोन अक्षरांची मालिका असते, लोक तिला सिरीज म्हणतात, आणि पुढे सहा आकडी क्रमांक. पहिल्या बक्षिसासाठी मालिका आणि सहाही आकडे जुळावे लागतात. क्रमांक तोच पण मालिका दुसरी असेल, तर पहिलं बक्षीस मिळत नाही, सांत्वन बक्षीस मिळतं. खालच्या बक्षिसांना मालिका पाहतच नाहीत, शेवटचे चार आकडे जुळले की झालं. निकालपत्रकात वर दोन-तीन मोठे क्रमांक असतात आणि त्याखाली चार-चार आकड्यांची दाट रांग. ज्याला काही लागतं त्याला बहुतेक त्या रांगेतच लागतं, आणि नजर नेमकी तिथे जात नाही.

महाराष्ट्राच्या साप्ताहिक तिकिटांतही वरच्या बक्षिसाला मालिकेसह पूर्ण क्रमांक आणि लहान बक्षिसांना शेवटचे आकडे, हेच तत्त्व आहे. किती आकडे जुळले म्हणजे कितवं बक्षीस, हे योजनेनुसार बदलतं आणि तिकिटाच्या मागच्या बाजूला बारीक अक्षरांत छापलेलं असतं. विकत घेतानाच ते वाचा. वाचता येत नसेल तर विक्रेत्याला विचारा, तो सांगतो.

दुसरा घोळ नावांचा. कोणत्याही एका लॉटरीची आठवड्यातून एकापेक्षा जास्त सोडत काढता येत नाही, असं कायदा सांगतो. राज्याला रोज सोडत काढायची असेल तर रोजचं तिकीट वेगळ्या नावाचं लागतं. त्यामुळे आपल्याकडे गजलक्ष्मी सोम, गजलक्ष्मी मंगळ, गजलक्ष्मी बुध अशी सारख्याच तोंडवळ्याची नावं येतात, शिवाय सागरलक्ष्मी, वैभवलक्ष्मी, गणेशलक्ष्मी, महालक्ष्मी आहेतच. माणूस ‘गजलक्ष्मी’ एवढंच वाचतो, भलत्याच वाराचा निकाल पाहतो आणि तिकीट फेकतो. नाव, वार, सोडतीची तारीख आणि सोडत क्रमांक हे चारही जुळवल्याशिवाय पुढे जाऊ नका.

व्हॉट्सॲपवर फिरणारा निकालाचा फोटो तर अजिबात ग्राह्य धरू नका. फोटोत एक आकडा पुसट आला की खेळ खलास. महाराष्ट्राचा निकाल राज्य लॉटरीच्या शासकीय संकेतस्थळावर असतो. केरळचं लॉटरी खातं तर स्वतःच सांगतं की राजपत्रात प्रसिद्ध झालेल्या निकालाशी क्रमांक ताडून पाहा.

बंपर आणि साप्ताहिक एकाच मापाने मोजणं

दिवाळी, गुढीपाडवा, नाताळ, ओणम अशा सणांना येतं ते बंपर. एका लॉटरीचे वर्षाला सहापेक्षा जास्त बंपर काढायला कायद्याने मनाई आहे. तिकीट महाग, पहिलं बक्षीस डोळे दिपवणारं. केरळच्या ओणम बंपरचं तिकीट ५०० रुपयांचं आणि पहिलं बक्षीस २५ कोटींचं.

बंपर घेताना योजनेत एक ओळ शोधा: पहिलं बक्षीस विकल्या गेलेल्या तिकिटांतूनच काढणार, असं लिहिलं आहे का? पंजाबच्या बंपरवर ही हमी ठळकपणे छापतात. जिथे ती नसते तिथे सोडतीचा आकडा न विकलेल्या तिकिटावर पडू शकतो, आणि मग ते बक्षीस कोणाच्याच घरी जात नाही. नुसता कोटींचा आकडा पाहून तिकीट घेणाऱ्याला हे माहीत नसतं.

मशीनच्या तिकिटाला मोबाइलवरची लॉटरी समजणं

लॉटरीच्या बाबतीत ‘ऑनलाइन’ म्हणजे दुकानातलं मशीन मुख्य सर्व्हरला जोडलेलं असणं. तुम्ही दुकानात जाता, आकडे सांगता, मशीन तिकीट छापून देतं आणि त्याच क्षणी तुमची निवड सर्व्हरवर नोंदवली जाते. केंद्राच्या २०१० च्या लॉटरी नियमांतली व्याख्या हीच आहे. सिक्कीम सरकारच्या प्लेविन लॉटरीमुळे हा प्रकार महाराष्ट्रात घरोघरी पोचला, आणि गुरुवारच्या सुपर लोटोसाठी दुकानांत रांगा लागायच्या.

लोटोत ४९ पैकी ६ आकडे निवडायचे. सहा-सहा आकड्यांचे वेगवेगळे संच किती होतात? १ कोटी ३९ लाख ८३ हजार ८१६. सहाही आकडे जुळण्याची शक्यता तितक्यातून एक. तीन जुळण्याची साधारण ५७ मध्ये एक. ‘गेल्या महिन्यात ७ आला नाही, म्हणजे आता येणारच’ असा हिशेब वहीत मांडणारे पुष्कळ भेटतात. सोडतीच्या चेंडूंना मागचं काही आठवत नाही, प्रत्येक वेळी ४९ आकडे सारख्याच पायरीवर उभे असतात. आकड्यांच्या निवडीने एकच गोष्ट बदलते. लोटोचा जॅकपॉट विजेत्यांत वाटला जातो. बहुतेक लोक वाढदिवस घालतात, म्हणजे १ ते ३१ मधलेच आकडे. तेच आकडे लागले तर वाटेकरी जास्त होण्याचा संभव असतो. कागदी तिकिटात हा प्रश्नच नाही, कारण तो क्रमांक त्या मालिकेत एकट्या तुमचा असतो.

मशीनचं तिकीट थर्मल, म्हणजे उष्णतेने अक्षरं उमटणाऱ्या कागदावर छापलेलं असतं. उन्हात डॅशबोर्डवर राहिलं, घामाने भिजलेल्या खिशात राहिलं किंवा लॅमिनेट करायला दिलं की अक्षरं उडतात, कागद काळा पडतो. बारकोड वाचता आला नाही तर दावा अडतो. तिकीट वहीच्या पानात सपाट ठेवा आणि दोन्ही बाजूंचा फोटो काढून ठेवा.

‘एक आकडा लावा, नऊपट घ्या’ याला सरकारी मानणं

एक आकडी लॉटरीला कायद्यात जागाच नाही. १९९८ च्या कायद्यातली ही पहिलीच अट आहे: आधी जाहीर केलेल्या क्रमांकावर किंवा एकाच आकड्यावर बक्षीस देता येणार नाही. त्यामुळे शून्य ते नऊ मधला आकडा लावायला सांगणारं दुकान, बाहेर कोणत्याही राज्याचं नाव रंगवलेलं असो, लॉटरी विकत नाही. मटका, सोरट, चक्री, बिंगो यांवर धाडी पडल्याच्या बातम्या आपण वाचतो. त्यांतल्या कित्येक ठिकाणी बाहेर ‘ऑनलाइन लॉटरी सेंटर’ अशीच पाटी असते.

ओळखायचं कसं? कायद्याने तिकिटावर राज्य सरकारची मुद्रा आणि बोधचिन्ह हवं. सोडतीची जागा त्याच राज्यात हवी. छापील किंमत, सोडतीची तारीख आणि वेळ तिकिटावर दिसली पाहिजे. साध्या चिठोऱ्यावर पेनाने लिहिलेला आकडा, किंवा राज्याचं नावच नसलेली पावती हातात आली, तर दुसऱ्या दिवशी पैसे मागायला कायद्याने कोणीच समोर नसतं. यात मला सर्वांत जास्त वाईट वाटतं ते हातावर पोट असलेल्या माणसांचं. दिवसभराची मजुरी अशा ठिकाणी अर्ध्या तासात जाते, आणि आपण सरकारी लॉटरी खेळलो, फसलो नाही, असंच ते समजत राहतात.

अधिकृत दोन आकडी खेळ असेल तरी सोपं गणित करा. ०० ते ९९ असे शंभर आकडे. समजा १० रुपयांच्या तिकिटाला ८०० रुपये मिळतात. शंभर तिकिटं घेऊन प्रत्येक आकडा लावला तर खर्च १,००० आणि हातात ८००. वारंवार खेळणाऱ्याचे पैसे याच दराने झिरपत जातात. सोडती जितक्या जवळजवळ तितका वेग जास्त, म्हणून आठवड्याला एक कागदी तिकीट घेणारा आणि दिवसभर मशीनसमोर उभा राहणारा या दोघांची गणना मी एकात करत नाही. घरात असा कोणी असेल तर त्याला हे गणित कागदावर मांडून दाखवा, रागावून उपयोग होत नाही.

दुसऱ्या राज्याचं तिकीट फोनवरून मागवणं

‘केरळ लॉटरीचं तिकीट घरबसल्या’ असे मेसेज महाराष्ट्रात सर्रास येतात. केरळ लॉटरी फक्त कागदी स्वरूपात विकली जाते, तिची ऑनलाइन विक्री नाही. तिकिटाचा फोटो पाठवून पैसे घेणारा तोच फोटो आणखी शंभर जणांना पाठवत असतो. पुढचा मेसेज ‘तुम्हाला बक्षीस लागलं, आधी जीएसटी भरा’ असा येतो. खऱ्या लॉटरीत कर बक्षिसातून कापला जातो, विजेत्याकडून आधी कधीच मागत नाहीत. केबीसीच्या नावाने येणारी २५ लाखांची ‘लॉटरी’ आणि टपालाने येणारी स्क्रॅच कार्डं याच माळेतली.

परदेशी लॉटरीचं तिकीट भारतातून पैसे पाठवून घेणं तर परकीय चलनाच्या नियमांनी निषिद्धच आहे. बक्षीस लागलं तरी ते इथे आणताना तुम्हीच अडचणीत याल.

मिळून काढलेलं तिकीट तोंडी ठेवणं

ऑफिसात, चाळीत, रिक्षा स्टँडवर वर्गणी काढून बंपर घेतात. हरलं तर काही नाही. लागलं तर मैत्री पणाला लागते, कारण तिकीट ज्याच्या हातात, दावा त्याचा. जुलै २०२३ मध्ये केरळच्या परप्पनंगडी नगरपालिकेतल्या हरित कर्म सेनेच्या अकरा कचरावेचक महिलांनी वर्गणी काढून २५० रुपयांचं मान्सून बंपर घेतलं आणि १० कोटींचं पहिलं बक्षीस त्यांनाच लागलं. वाटा कोणाचा किती हे त्यांच्यात आधीच ठरलेलं होतं. तुम्हीही तिकीट घेतल्याच दिवशी एका कागदावर तिकीट क्रमांक, सगळ्यांची नावं, प्रत्येकाची रक्कम लिहा, सह्या घ्या, फोटो ग्रुपवर टाका. दावाही संयुक्त करा. एकाच्या पॅनवर सगळी रक्कम आली तर कराच्या कागदोपत्री ते एकट्याचं उत्पन्न ठरतं आणि पुढे वाटलेल्या पैशाचा खुलासा त्यालाच करत बसावं लागतं.

मुदत, कर आणि हातात येणारी रक्कम

केरळात ५,००० रुपयांपर्यंतचं बक्षीस तिथल्या कोणत्याही लॉटरी दुकानात मिळतं. त्यावरच्या रकमेसाठी ओळखपत्रासह तिकीट बँकेत किंवा लॉटरी कार्यालयात ३० दिवसांत जमा करावं लागतं. प्रत्येक राज्याची मुदत वेगळी, ती तिकिटावर वाचा. मुदतीत कोणी न मागितलेलं बक्षीस सरकारजमा होतं. तिकीट देण्याआधी मागे सही, नाव, पत्ता लिहा. खाडाखोड नको, स्टेपलरची पिन नको. आणि ‘मी तुझं तिकीट वटवून देतो’ म्हणणाऱ्या त्रयस्थाच्या हाती मूळ तिकीट देऊ नका.

जाहीर झालेला आकडा आणि खात्यात येणारा आकडा यांत मोठं अंतर असतं. केरळच्या २५ कोटींतून १० टक्के एजंटचं कमिशन गेलं की २२.५० कोटी उरतात. त्यावर ३० टक्के कर कापला की १५.७५ कोटी.

इथे लोक मानतात की कर कापला, विषय संपला. तसं नाही. १०,००० रुपयांवरच्या बक्षिसातून साधारणपणे सरळ ३० टक्के कापतात, पण प्रत्यक्ष देणं त्याहून जास्त असतं. समजा बक्षिसाची रक्कम ६० लाख आहे आणि दुसरं उत्पन्न नाही. कर १८ लाख. उत्पन्न ५० लाखांवर गेल्यामुळे त्यावर १० टक्के अधिभार, म्हणजे १.८० लाख. दोन्ही मिळून होणाऱ्या १९.८० लाखांवर ४ टक्के उपकर, ७९,२०० रुपये. एकूण २०,५९,२०० रुपये. कापले गेले १८ लाख, म्हणजे २,५९,२०० रुपये तुम्ही स्वतः भरायचे. पैसे आले त्याच आठवड्यात घराची आगाऊ रक्कम देऊन खातं रिकामं करणाऱ्याला हे विवरणपत्राच्या वेळी कळतं, आणि तेव्हा व्याजही लागलेलं असतं.

लॉटरीच्या उत्पन्नाला मूळ सूट मर्यादेचा फायदा नाही, विमा-पीपीएफची वजावट चालत नाही, वर्षभर हरलेल्या तिकिटांचा खर्चही वजा होत नाही. १०,००० च्या आतल्या बक्षिसावर कर कापला गेला नसला तरी ते विवरणपत्रात दाखवायचं असतं. पगारदार माणूस सवयीने आयटीआर-१ भरतो, लॉटरीचं बक्षीस असेल तर तो फॉर्म चालत नाही, आयटीआर-२ घ्यावा लागतो. लॉटरी कार्यालयाकडून कर कपातीचं प्रमाणपत्र मागून घ्या, आणि कापलेली रक्कम तुमच्या पॅनवर २६एएस मध्ये (कापलेल्या कराची नोंद दाखवणाऱ्या आयकर खात्याच्या पत्रकात) दिसते आहे ना, ते विवरणपत्र भरण्याआधी तपासा.