एडगरचं खातं: घोडं अडतं ते नोटरीच्या टेबलावर

अमेरिकेच्या एसईसीकडे, म्हणजे तिथल्या शेअर बाजाराच्या नियामकाकडे, काहीही दाखल करायचं तर एडगर या त्यांच्या ऑनलाइन फाइलिंग यंत्रणेवर खातं लागतं. पुण्या-मुंबईच्या बॅक ऑफिसांना हे नवं नाही. पण डिसेंबर २०२५मधल्या कायद्याने अमेरिकी बाजारात नोंद असलेल्या परदेशी कंपन्यांचे संचालक आणि वरिष्ठ अधिकारीही १८ मार्च २०२६पासून फॉर्म ३, ४, ५च्या, म्हणजे कंपनीतले आपले शेअर आणि त्यांचे व्यवहार जाहीर करायच्या फॉर्मच्या, कक्षेत आणले. त्यामुळे ज्यांनी एडगरचं तोंडही पाहिलं नव्हतं, अशा कंपनी सेक्रेटरींच्या टेबलावर हे काम येऊन पडतंय. काही देशांना सूट द्यायचा अधिकार त्या कायद्यानेच एसईसीला दिलाय, तेव्हा आपल्या कंपनीला काय लागू होतं ते आधी वकिलाला विचारा.

ऑफिसमधल्या जुन्या नोट्स बंद करा. २४ मार्च २०२५ला नवा फॉर्म आयडी, म्हणजे एडगरचं खातं मागायचा अर्ज, आला आणि १५ सप्टेंबर २०२५पासून पासवर्ड, पासफ्रेज, पासवर्ड बदलायचा कोड पीएमएसी हा सगळा जुना संसार मोडला. त्यातला फक्त सीसीसी, म्हणजे फाइलिंग करताना टाकायचा कोड, उरला. 'पासफ्रेज टाका, पुढे जा' असं कुणी सीनियर सांगत असेल तर मान डोलवा आणि स्वतः एसईसीची साइट उघडा. त्यांचा अनुभव खोटा नाही, शिळा आहे. जुन्या खात्यांना नव्या पद्धतीत सरळ नोंदवून घ्यायची मुदतही १९ डिसेंबर २०२५ला संपली. ती हुकली असेल तर त्या खात्यालाही फॉर्म आयडीच भरायचा.

सुरुवात लॉगिन डॉट गव्ह या अमेरिकी सरकारच्या लॉगिन सेवेपासून. ज्याला आत जायचंय त्या प्रत्येकाचं स्वतःचं खातं, स्वतःचा ईमेल. तिघांत मिळून एक लॉगिन चालत नाही. दुसऱ्या टप्प्याच्या पडताळणीला एसएमएसवर विसंबू नका, ऑथेंटिकेटर अॅप लावा आणि बॅकअप कोड छापून ठेवा. सोशल सिक्युरिटी नंबर इथे लागत नाही, घाबरू नका. मात्र इथे दिलेला ईमेल आणि फॉर्म आयडीत लिहिलेला ईमेल अक्षरशः एकच हवा. एकीकडे ऑफिसचा आणि दुसरीकडे जीमेल दिला, तर मंजुरीनंतर डॅशबोर्डवर तुमचं खातं दिसणारच नाही.

फॉर्म भरणं अवघड नाही. फी नाही. अर्जदाराचा प्रकार, अधिकृत नाव, पत्ते, आर्थिक वर्ष कधी संपतं, अकाउंट अॅडमिनिस्ट्रेटर (खातं सांभाळणारा) कोण, बिलाचा संपर्क कोण, एवढंच. परदेशी कंपनीकडे अमेरिकी टॅक्स नंबर नसेल तर त्या रकान्यात नऊ शून्यं. कंपनीला किमान दोन अॅडमिनिस्ट्रेटर लागतात, व्यक्तीला एक पुरतो, जास्तीत जास्त वीस. दोनवर थांबू नका, तिसरा नेमा. नोटीस पीरियडवर गेलेला माणूस ओटीपी द्यायला फोन उचलत नसतो.

आता खरी मेख. फॉर्म भरून झाला की तो छापायचा, अधिकृत व्यक्तीने सही करायची, नोटरी करून घ्यायची आणि पीडीएफ अपलोड करायची. चारच क्रिया, पण अर्ज परत येतो तो इथूनच.

आपल्याकडे कोर्टाबाहेर नोटरीकडे गेलात की तो सवयीने काय करतो? झेरॉक्सवर 'ट्रू कॉपी'चा शिक्का मारतो, लाल गोल मोहोर उमटवतो, तिकीट लावतो, सही करतो. हे प्रतीचं प्रमाणन झालं. एसईसीला प्रत खरी आहे का हे नकोच आहे. ही सही याच माणसाने केली, याला साक्षीदार हवाय. म्हणजे सही करणारा नोटरीसमोर हजर, सही त्याच्यासमोर झालेली, आणि कागदावर तसं वाक्य: अमुक व्यक्तीने अमुक तारखेला माझ्यासमोर सही केली. त्याखाली नोटरीची सही, नाव, शिक्का. हे वाक्य इंग्रजीत टाइप करून सोबत न्या. 'साहेब येऊ शकत नाहीत, सही करून पाठवलीय, तुम्ही फक्त शिक्का मारा' हा शॉर्टकट जागोजागी मिळतो. घेऊ नका. खोटं प्रमाणपत्र एका परदेशी नियामकाकडे आपल्या नावाने कायमचं पडून राहतं. साहेबांना वेळच नसेल तर अमेरिकेतल्या एखाद्या राज्याच्या कायद्याने मान्य असलेला ऑनलाइन नोटरी व्हिडिओवरून हे करून देतो.

मग नाव. फॉर्ममध्ये 'लिमिटेड' आणि सहीच्या कागदावर 'लि.' असेल तर विसंगती. वडिलांचं नाव पासपोर्टवर आहे, फॉर्मवर नाही, नोटरीने नुसतं आद्याक्षर लिहिलं, तरी तेच. आणि सगळ्यात छळणारी चूक म्हणजे नोटरी झाल्यावर फॉर्ममधला फोन नंबर 'जरा' दुरुस्त करणं. तपासणारा दोन कागद शेजारी ठेवून वाचतो. फॉर्ममध्ये काहीही बदललं की नवा छापा, नवी सही, नवी नोटरी. स्कॅन रंगीत करा, सगळी पानं घ्या आणि शिक्का नावावर बसलेला नाही ना ते नोटरीच्या टेबलावरच बघा.

संचालकांच्या अर्जात आणखी एक कागद वाढतो. अर्जदार कंपनी नसून ती व्यक्ती असते. सेक्रेटरिअल विभागातलं कुणी त्यांचं अॅडमिनिस्ट्रेटर होणार असेल, तर ते त्या व्यक्तीचे कर्मचारी नसतात, म्हणून नोटरी केलेलं मुखत्यारपत्र हवं. फॉर्म ३ आणि ४वर सही करायला दिलेलं जुनं मुखत्यारपत्र इथे चालवू नका. 'एडगर खात्याचा अकाउंट अॅडमिनिस्ट्रेटर म्हणून नेमतो' असं स्पष्ट लिहिलेलं घ्या. दोन्ही कागद एकाच खेपेत नोटरी करून आणा.

अर्ज भरण्याआधी एडगरवर नाव शोधाच. सीआयके, म्हणजे एडगरवरचा ओळख क्रमांक, व्यक्तीला एकच मिळतो आणि तोच सगळ्या कंपन्यांसाठी चालतो. गृहस्थ दुसऱ्या बोर्डावर असतील तर तो आधीच निघालेला असू शकतो. शोधताना आडनाव आधी टाका, स्पेलिंगं दोन-तीन करून बघा.

परत आला म्हणून हात-पाय गाळू नका. कारण ईमेलने कळतं, सुधारून पुन्हा भरता येतो, पहिल्या नकाराचा डाग राहत नाही. फक्त दिवस जातात, आणि फॉर्म ३ला दहा दिवस, फॉर्म ४ला व्यवहारानंतर कामकाजाचे दोनच दिवस असतात. म्हणून नेमणूक ठरली की त्याच आठवड्यात अर्ज टाका, पहिल्या शेअर व्यवहाराची वाट बघत बसू नका.

मंजुरीनंतर डॅशबोर्डवर सीसीसी दिसेल. फाइलिंग एजंट असेल तर त्याला डेलिगेशन, म्हणजे तुमच्या वतीने फाइल करायचा अधिकार, द्या, स्वतःचं लॉगिन नव्हे. वर्षातून एकदा खात्याची माहिती बरोबर असल्याचं कन्फर्म करावं लागतं. त्यासाठी मार्च, जून, सप्टेंबर, डिसेंबर यांपैकी एका महिन्याची अखेर निवडता येते. ३१ मार्च निवडू नका, त्या दिवशी आपल्याकडे कुणाला श्वास घ्यायला फुरसत नसते. तारीख चुकली तर तीन महिने सवलत, नंतर खातं बंद आणि पुन्हा नोटरी.

वेळेचंही बघून ठेवा. एडगर अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्याच्या घड्याळाने सकाळी सहा ते रात्री दहा चालू असतं, सोमवार ते शुक्रवार. उन्हाळ्यात ते आपल्याकडे दुपारी साडेतीनला उघडतं, हिवाळ्यात साडेचारला. सकाळी अकराला साहेबांना शेजारी बसवून साइट उघडलीत, तर ती बंदच असणार.