कोल्हापूरच्या चुलीवर फिलिपिनो अडोबो

तांबड्या-पांढऱ्या रश्श्याला सरावलेल्या कोल्हापूरकरांना फिलिपिन्सचा अडोबो, म्हणजे आंबट-खारट रसात शिजवलेले मांस, पहिल्या घासाला अनोळखी वाटेल, कारण त्यात ना सुके खोबरे असते, ना कांदा-लसूण मसाला. त्याची सारी चव व्हिनेगर, सोया सॉस, लसूण, काळी मिरी आणि तमालपत्र यांवर उभी असते.

डुकराचे १ किलो मांस पोटाकडचे, चरबीचे थर असलेले घ्यावे. निव्वळ तांबडे मांस फार वेळ शिजल्यावर कोरडे पडते. त्याचे दीड इंचाचे तुकडे करून त्यांना अर्धी वाटी सोया सॉस, १२ ठेचलेल्या लसूणपाकळ्या, १ चमचा अख्खी मिरी आणि ३ तमालपत्रे लावून अर्धा तास मुरत ठेवावे. मीठ मुळीच घालू नये, सोया सॉस पुरेसा खारट असतो.

जाड बुडाच्या स्टीलच्या पातेल्यात (ॲल्युमिनियमला आंबट चालत नाही) हे सारे घालून २ वाट्या पाणी व अर्धी वाटी व्हिनेगर ओतावे. उकळी फुटून व्हिनेगरचा उग्र वास उडेपर्यंत झाकण ठेवू नये आणि ढवळूही नये, असा तिकडचा जुना दंडक आहे. त्यानंतर झाकून, मंद आचेवर सव्वा ते दीड तास शिजवावे.

शेवटी तुकडे बाहेर काढून थोड्या तेलात खरपूस परतावेत, उरलेला रस दाट होईपर्यंत आटवावा आणि त्यात सुपारीएवढा कोल्हापुरी गूळ विरघळवावा. तिकडे काहीजण साखर घालतात; मला मात्र गुळाचा खमंगपणा अधिक रुचतो. सोबत आजऱ्याच्या घनसाळ तांदळाचा मऊ भात वाढावा.