मुंबईत बसून मार्च मॅडनेस कसं बघायचं, ब्रॅकेटपासून फायनलच्या बजरपर्यंत

दरवर्षी एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात कोर्टवरच्या ग्रुपमध्ये कोणीतरी अमेरिकन कॉलेज बास्केटबॉलच्या फायनलची क्लिप टाकतं आणि मग सगळे विचारत बसतात की हे काय आहे, कधी असतं, आधी का नाही सांगितलं. ती फायनल ज्या टुर्नामेंटची असते तिलाच मार्च मॅडनेस म्हणतात. म्हणून आधीच सगळं एका जागी लिहून ठेवतोय. माझं म्हणणं एवढंच आहे की नुसती फायनल बघू नका. तीन आठवडे आधी ब्रॅकेट (म्हणजे कोण कोणाशी खेळणार आणि कोण पुढे जाणार याचा तक्ता) स्वतःच्या हाताने भरा, दोन-तीन टीम पकडा आणि त्यांच्या मागे मागे फायनलपर्यंत जा, मग त्या ४० मिनिटांत काय चाललंय ते खरं कळतं.

आधी ढाचा समजून घ्या, सोपा आहे. एनसीएए म्हणजे अमेरिकेतली कॉलेज खेळांची संघटना, तिच्या सगळ्यात वरच्या गटाच्या, डिव्हिजन वनच्या ६८ टीम येतात (२०११ पासून एवढ्या), त्यातल्या ८ टीम आधी आपसात ४ गेम खेळतात, त्याला फर्स्ट फोर म्हणतात आणि ते ओहायोमधल्या डेटन शहरात होतात. उरल्या ६४. त्यांचे चार रीजन, प्रत्येकात १ ते १६ सीड (म्हणजे ताकदीप्रमाणे दिलेला नंबर, १ सगळ्यात वरचा), १ विरुद्ध १६, २ विरुद्ध १५ असं करत ८ विरुद्ध ९, म्हणजे पहिल्या राउंडला दोघांच्या सीडची बेरीज नेहमी १७. हरलात की घरी, दुसरा चान्स नाही, आपल्या गल्लीतल्या टेनिस बॉलच्या नाइट टुर्नामेंटसारखं. ६४ चे ३२, मग स्वीट सिक्स्टीन (१६), एलिट एट (८), फायनल फोर (४, म्हणजे सेमी) आणि फायनल. हे सगळं १९३९ ला फक्त ८ टीमवर सुरू झालं होतं.

आता टाइमचं गणित, कारण मुंबईतून बघताना सगळा खेळ तिथेच आहे. मार्चच्या दुसऱ्या रविवारी अमेरिकेत घड्याळं एक तास पुढे जातात, त्यानंतर न्यूयॉर्कच्या टाइममध्ये साडेनऊ तास मिळवायचे की आपला टाइम. ब्रॅकेट जाहीर होतो सिलेक्शन संडेला, त्यांच्या संध्याकाळी ६ ला, म्हणजे आपल्याकडे सोमवारी पहाटे साडेतीन, त्यासाठी अजिबात जागू नका, सकाळी उठून नेटवर रेडी मिळतो. जागायचं ते गुरुवार-शुक्रवारी. पहिला राउंड त्यांच्या दुपारी सव्वाबाराच्या आसपास सुरू होतो म्हणजे आपल्या रात्री पावणेदहाला, जेवण उरकून बसलं की डायरेक्ट सुरू, एका दिवसात १६ गेम असतात आणि त्या आपल्या दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत चालतात. रात्री दीड-दोनपर्यंत पहिली खेप बघून झोपायचं आणि बाकीचं सकाळी हायलाइट्समध्ये, कारण मार्च म्हणजे परीक्षांचा महिना आणि घरात बारावीवालं कोणी असेल तर रात्री तीनला ओरडायची सोय नसते, हेडफोन लावा. स्वीट सिक्स्टीन बहुतेक पहाटे साडेचारच्या पुढे येतात. फायनल फोर रविवारी पहाटे पावणेचारच्या आसपास, दुसरी सेमी सव्वासहाच्या सुमाराला. आणि फायनल सोमवारी रात्री त्यांची, आपल्याकडे मंगळवारी सकाळी सहा-सव्वासहा. अलार्म सहाचाच लावा.

कुठे बघायचं? भारतातले हक्क बदलत राहतात त्यामुळे मार्चच्या पहिल्या आठवड्यातच कोणत्या ॲपवर येतंय ते शोधून ठेवा, गुरुवारी रात्री पावणेदहाला शोधाशोध करू नका. मार्च मॅडनेसच्या ऑफिशियल यूट्यूब चॅनलवर हायलाइट्स पटापट येतात आणि जुन्या फायनल अख्ख्या पडलेल्या आहेत, तयारीसाठी त्या सोन्यासारख्या आहेत.

ब्रॅकेट भरणं हा यातला सगळ्यात भारी भाग आहे. प्रिंट काढा, पेनाने भरा. ६३ गेम सगळ्या बरोबर येण्याचा प्रश्नच नाही, नाणं उडवून भरलात तर एकूण शक्यता म्हणजे ९२ हजारच्या पुढे अजून १४ शून्यं, आणि खात्रीने नोंद झालेलं सगळ्यात लांब काय तर २०१९ ला एका माणसाच्या पहिल्या सलग ४९ गेम बरोबर आल्या होत्या. त्यामुळे परफेक्टचा नाद सोडा. ग्रुपमध्ये खेळताना साधारण पॉइंट असे धरतात, पहिल्या राउंडला गेममागे १, मग २, ४, ८, १६ आणि चॅम्पियनला ३२. म्हणजे एक चॅम्पियन बरोबर आला तर पहिला राउंड अख्खा बरोबर आल्याइतकं वजन. म्हणून भरायची सुरुवात उलटीकडून करा, आधी चॅम्पियन ठरवा, मग फायनल फोर, मग मागे मागे या. चॅम्पियन वरच्या सीडमधूनच घ्या, आजवर सगळ्यात खालून जिंकलेली टीम म्हणजे १९८५ ची व्हिलानोवा, ८ सीड, जॉर्जटाउनला ६६-६४ हरवलं होतं. अपसेट (खालच्या सीडने वरच्याला हरवणं) घ्यायचेत ते पहिल्या राउंडला घ्या, ५ विरुद्ध १२ मध्ये साधारण तीनातून एकदा १२ वाली जिंकते त्यामुळे चारपैकी एक तरी १२ उचलाच. ८-९ मध्ये डोकं लावू नका, ते जवळपास फिफ्टी-फिफ्टी असतं. आणि १६ सीडला १ वर लावू नका, मुलांमध्ये असं २०१८ ला पहिल्यांदा झालं, यूएमबीसी नावाच्या कॉलेजने व्हर्जिनियाला ७४-५४, म्हणजे २० पॉइंटने धुतलं, नंतर २०२३ ला फेअरली डिकिन्सनने पर्ड्यूला ६३-५८. आणि तीच व्हर्जिनिया पुढच्याच वर्षी चॅम्पियन झाली, हे मला या टुर्नामेंटमधलं सगळ्यात आवडतं. पैसे लावू नका, हरेल त्याने सगळ्यांना मिसळ, बास.

नियम आपल्यापेक्षा थोडे वेगळे आहेत, आणि ज्यांनी नागपाड्याला किंवा माटुंग्याला इंडियन जिमखान्यात मॅच बघितल्यात त्यांना इथेच गडबड होते कारण आपण फिबाचे (आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल संघटनेचे) नियम बघत मोठे झालो. आपल्याकडे १० मिनिटांचे चार क्वार्टर, त्यांच्याकडे मुलांचे २० मिनिटांचे दोन हाफ. शॉट क्लॉक (बॉल हातात आल्यावर शॉट मारायला मिळणारा वेळ) आपला २४ सेकंद, त्यांचा ३०, म्हणून खेळ जरा हळू वाटतो आणि स्कोअर ६५-६३ सारखे लागतात, त्याला बोर म्हणू नका, तिथे एकेक बॉल मोजून खेळतात. थ्री पॉइंटची लाइन (जिच्या बाहेरून बास्केट केलं की तीन पॉइंट) मात्र मुलांची आता आपल्याएवढीच आहे, ६.७५ मीटर. पाच फाउल झाले की बाहेर, हे सेम. टीम फाउलचं नीट लक्षात ठेवा, एका हाफमध्ये सातव्या फाउलपासून समोरच्याला एक फ्री थ्रो, तो बास्केटमध्ये गेला तरच दुसरा, आणि दहाव्यापासून सरळ दोन. म्हणून स्क्रीनवर स्कोअरच्या बाजूला फाउलचा आकडा असतो तो बघत राहा, कारण मागे असलेली टीम शेवटी मुद्दाम फाउल का करते, तर घड्याळ थांबतं आणि समोरचा पहिलाच थ्रो चुकायची आशा असते.

आता शेवटची मिनिटं कशी बघायची. आपण सगळे बॉलवाल्याकडे बघतो. शेवटच्या पाच सेकंदात लाइनबाहेरून बॉल आत देणाऱ्या प्लेअरकडे बघा. २०१६ ची फायनल लावा, व्हिलानोवा विरुद्ध नॉर्थ कॅरोलायना. मार्कस पेजने हवेत लटकून, हात बदलल्यासारखा करून थ्री टाकला आणि ७४-७४, उरले ४.७ सेकंद. बॉल आत देतो क्रिस जेन्किन्स, घेतो रायन आर्चिडियाकोनो, तो कोर्टभर ड्रिबल करत येतो, सगळी डिफेन्स त्याच्याकडे खेचली जाते, आणि मागून जेन्किन्स, ज्याला बॉल आत दिल्यावर कोणी पकडलंच नाही, तो चालत्या पायाने येतो, छोटा पास घेतो आणि थ्री मारतो, बजर वाजतो तेव्हा बॉल हवेत. ७७-७४. २०२५ ला स्वीट सिक्स्टीनमध्ये ह्यूस्टनने पर्ड्यूविरुद्ध हेच केलं, मिलोस उझानने बाहेरून बॉल दिला, आत पळाला, तोच बॉल परत त्याच्याकडे आला आणि लेअप (बास्केटच्या जवळून टाकलेला सोपा शॉट), ६२-६०. हे एकदा दिसायला लागलं की तुमची स्वतःची मॅच पण बदलते, करून बघा.

आणि मी सुरुवातीला बोललो की आधीपासून फॉलो करा, ते २०२५ च्या फायनलवरून सगळ्यात चांगलं कळेल. फ्लोरिडा विरुद्ध ह्यूस्टन, सॅन अँटोनिओला. त्या वर्षी चारही १ सीड फायनल फोरला पोचले होते, असं आधी फक्त २००८ ला झालं होतं. सेकंड हाफमध्ये ह्यूस्टन १२ ने पुढे गेलं आणि नुसती फायनल लावून बसलेल्यांना वाटलं संपलं. पण ज्याने फ्लोरिडाला आधीपासून बघितलं होतं त्याला माहीत होतं की ही टीम एलिट एटमध्ये टेक्सस टेकविरुद्ध साधारण तीन मिनिटं उरली असताना ९ ने मागे होती आणि जिंकली, सेमीला ऑबर्नविरुद्ध हाफटाइमला ८ ने मागे होती आणि जिंकली. तो माणूस टीव्ही बंद करत नाही. शेवटी फ्लोरिडा ६५-६३ वर, बॉल ह्यूस्टनकडे, काही सेकंद. इमॅन्युएल शार्प थ्रीसाठी उडी मारतो आणि समोरून वॉल्टर क्लेटन झेपावत येतो. शार्पला हवेतच कळतं की हा ब्लॉक होणार, तो बॉल खाली सोडून देतो, आणि आता तो बॉल समोर टप्पे खातोय पण याला हात लावता येत नाही, लावला की ट्रॅव्हलिंगचा नियमभंग. अ‍ॅलेक्स कॉन्डन त्याच्यावर झेप घेतो आणि वेळ संपते. ह्यूस्टनला शॉटसुद्धा मारता आला नाही. क्लेटनला त्या रात्री पहिल्या हाफमध्ये एकही पॉइंट नव्हता, सेमीला त्याने ३४ मारले होते, आणि फायनल त्याने डिफेन्सवर जिंकून दिली. शार्प तिथेच वाकून बसला तेव्हा मला फार वाईट वाटलं, कॉलेजची पोरं आहेत ती.

फायनलच्या मंगळवारचं प्लॅनिंग. घड्याळात ४० मिनिटं असली तरी टाइमआउट, जाहिराती, रिव्ह्यू पकडून सव्वादोन-अडीच तास जातात, म्हणजे संपायला साडेआठ-पावणेनऊ. बॅग, डबा, कपडे सगळं सोमवारी रात्रीच काढून ठेवा. हाफटाइम साधारण सव्वासातला येतो तेवढ्यात आंघोळ उरकते. आठची लोकल पकडायचीच असेल तर ट्रेनमध्ये लाइव्हच्या भरवशावर राहू नका, दोन स्टेशनच्या मध्ये नेट जातं आणि नेमका शेवटचा शॉट अडकतो, त्यापेक्षा शक्य असेल तर त्या दिवशी उशिरा जातो म्हणून आधीच सांगून ठेवा. रिप्ले बघणार असाल तर कोर्टचा ग्रुप आणि इन्स्टा दोन्ही बंद. ओव्हरटाइम झाला तर ५ मिनिटं वाढतात, २०१९ ला झाला होता, व्हर्जिनिया ८५, टेक्सस टेक ७७. बजरनंतर लगेच बंद करू नका, जिंकलेली पोरं शिडीवर चढून बास्केटची जाळी कात्रीने कापतात, प्रत्येक जण आपला एकेक धागा घेतो.

आणि मुलींची टुर्नामेंट सोडू नका, ती याच तीन आठवड्यांत चालते आणि तिथे १० मिनिटांचे चार क्वार्टर असतात त्यामुळे आपल्याला उलट जास्त ओळखीची वाटते. २०२४ ला साउथ कॅरोलायनाने स्टार प्लेअर केटलिन क्लार्कच्या आयोवाला ८७-७५ हरवलं ती फायनल अमेरिकेत मुलांच्या फायनलपेक्षा जास्त लोकांनी बघितली. २०२५ ला यूकॉनने (कनेक्टिकट युनिव्हर्सिटी) साउथ कॅरोलायनाला ८२-५९ ने काढलं. ती फायनल रविवारी त्यांच्या दुपारी तीनला होती, म्हणजे आपल्याकडे रविवारची रात्र साडेबारा. तेवढी बघून सोमवारी रात्री लवकर झोपलात तर मंगळवारी सकाळची सुद्धा आरामात होते.