स्नोड्रॉप घेताना नाव कसं वाचावं

नुसतं ‘स्नोड्रॉप’ लिहिलेली पिशवी विकत घेऊ नका. इंग्लंडात सप्टेंबर लागला की सुपरमार्केटपासून नर्सरीपर्यंत सगळीकडे जाळीच्या पिशव्यांत हिवाळ्याच्या शेवटी फुलणाऱ्या ह्या पांढऱ्या फुलाचे इवलेसे कंद टांगलेले दिसतात. वर फुलाचा देखणा फोटो असतो, किंमत कमी असते, आणि नव्या घरात बाग करायला निघालेली आपली मंडळी दोन-तीन पिशव्या सहज उचलतात. फेब्रुवारीत चार पाती वर येतात, पुढच्या वर्षी तीही येत नाहीत, आणि मग ‘आमच्या हाताला यश नाही’ असं ऐकू येतं. दोष हाताचा नसतो. कंद कोणत्या जातीचा, तो मूळचा कुठला, हे न बघता लावलेला असतो.

‘स्नोड्रॉप काय, कुठेही येतो’ हा सल्ला मी इतक्यांदा ऐकलाय की आता त्याचा राग येतो. रानात ह्याच्या वीसेक जाती आहेत. एकीला उन्हाळ्यातही ओल लागते, दुसरी कोरड्या उतारावर सुखाने राहते, एक तर शरद ऋतूतच फुलते. ही माहिती लेबलावरच्या शास्त्रीय नावात असते, म्हणून खुरपं हातात घेण्याआधी नाव वाचायला शिका.

आधी बोलीतली नावं बाजूला ठेवा

ती सुंदर आहेत, पण खरेदीला उपयोगाची नाहीत. जर्मनीत ह्याला ‘श्नेग्लोक्शेन’ म्हणजे बर्फाची घंटी म्हणतात, फ्रान्समध्ये ‘पेर्स-नेज’ आणि इटलीत ‘बुकानेवे’. दोन्हींचा अर्थ बर्फ भेदून येणारं. इंग्रजी नावातला ‘ड्रॉप’ हा पाण्याचा थेंब नसून कानातला डूल असावा असं मानतात, आणि खाली लोंबणारं फूल बघितलं की ते पटतं. २ फेब्रुवारीच्या कँडलमस सणावरून ‘कँडलमस बेल्स’ असंही एक जुनं नाव आहे. मराठीत हौसेने ‘हिमबिंदू’ म्हटलं तर कानाला गोड लागतं, पण ह्यातल्या एकाही नावावरून जात कळत नाही. जर्मनीत राहणाऱ्यांनी एक जपावं: ‘मेर्त्सनबेखर’ लिहिलेलं रोप बहुधा स्नोड्रॉप नसतं, ते पुढे सांगितलेलं ल्युकोयम असतं.

पहिला शब्द गॅलँथस असला पाहिजे

ग्रीक ‘गाला’ म्हणजे दूध आणि ‘अँथोस’ म्हणजे फूल. हे नाव स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसने दिलं. ल्युकोयम, म्हणजे इंग्रजीतला स्नोफ्लेक, दिसायला जवळचा, पण वेगळा. फरक एका नजरेत कळतो: गॅलँथसच्या बाहेरच्या तीन पाकळ्या लांब असतात, आतल्या तीन आखूड, आणि हिरवी खूण आतल्यांवर. ल्युकोयमच्या सहाही पाकळ्या सारख्या आणि प्रत्येकीच्या टोकाला ठिपका. ह्या दोघांची गल्लत जुनी आहे. ल्युकोयम ह्या शब्दाचा अर्थच ‘पांढरं व्हायोलेट’, आणि १५९७ मध्ये जॉन जेरार्डने आपल्या वनस्पतींच्या ग्रंथात स्नोड्रॉपलाही कंदाचं, लवकर फुलणारं व्हायोलेट म्हटलं होतं. ‘स्नो ड्रॉप’ हे नाव त्याच ग्रंथाच्या १६३३ च्या आवृत्तीत भेटतं.

दुसऱ्या शब्दात पत्ता असतो

इथे शेपूट बघायचं. दुसरा शब्द ‘-आय’ने संपला तर तो बहुतेक एखाद्या पुरुषाच्या नावावरून आलेला असतो. बाकीचे शब्द बहुधा रोपाचं वर्णन करतात.

निव्हालिस म्हणजे बर्फातला. ब्रिटनमध्ये चर्चच्या आवारात आणि ओढ्याकाठच्या झाडीत पसरलेला दिसतो तो हाच. तो इथलाच वाटतो, पण मूळचा नाही. ब्रिटनच्या रानात त्याची पहिली नोंद थेट १७७०च्या दशकातली आहे. त्याचं घर पिरेनीज पर्वतापासून युक्रेनपर्यंतच्या पानझडी जंगलांत, म्हणून त्याला कुजलेला पाला आणि उन्हाळ्यातही न तापणारी माती हवी.

एल्वेसिआय हे इंग्रज वनस्पतिप्रेमी हेन्री जॉन एल्वेस ह्यांच्या नावावरून. १८७४ मध्ये त्यांना तो स्मर्ना, म्हणजे आजच्या इझमीरजवळच्या डोंगरात दिसला, आणि पुढच्याच वर्षी वनस्पतिशास्त्रज्ञ जोसेफ हूकर ह्यांनी त्याला हे नाव दिलं. ग्लॉस्टरशरमधली एल्वेस ह्यांची कोल्सबोर्नची बाग आजही स्नोड्रॉपसाठी प्रसिद्ध आहे. फेब्रुवारीत जमलं तर जाच. तुर्कस्तानाकडचा असल्यामुळे ह्याला थोडं जास्त ऊन आणि थोडी कोरडी जमीन चालते. लंडनच्या आसपास उन्हाळ्यात बाग सुकत असेल तर निव्हालिसऐवजी हाच घ्या.

वोरोनोविआय हा कॉकेशसचा, रशियन वनस्पतिशास्त्रज्ञ वोरोनोव ह्यांच्या नावाचा. त्याला सावली आणि ओल आवडते. प्लिकेटस म्हणजे घडी पडलेला. तो क्रिमिया आणि काळ्या समुद्राच्या पश्चिमेकडचा. आणि रेजिने-ओल्गे म्हणजे ‘राणी ओल्गाचा’, ग्रीसच्या राणीच्या नावाचा. तो ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये फुलतो. त्याला निचरा आणि ऊन दोन्ही हवीत.

लेबल खरं बोलतंय का, हे पानाच्या बुडाशी बघा

खरी अडचण इथे येते. मला ह्या पायरीने फार छळलं, कारण जवळजवळ प्रत्येक सोप्या माहितीपत्रकात फुलावरच्या हिरव्या ठिपक्यावरून जात ओळखा असं लिहिलेलं असतं: आतल्या पाकळीवर टोकाशी एकच उलटा व्ही असेल तर निव्हालिस, टोकाशी एक आणि बुडाशी एक असे दोन असतील तर एल्वेसिआय. हे अर्धवट ज्ञान आहे आणि त्यामुळे फसगत होते. एल्वेसिआयचाच एक प्रकार आहे, मोनोस्टिक्टस. नावाचा अर्थच ‘एका ठिपक्याचा’. उलट प्लिकेटसच्या एका उपजातीवर दोन ठिपके असतात. ठिपक्यावर भिस्त ठेवाल तर ह्या तिघांत तुमचा गोंधळ होणारच.

ठिपका सोडा आणि खाली वाका. जमिनीलगत जिथे दोन पानं एका पातळ वेष्टनातून बाहेर पडतात, तिथे ती एकमेकांना कशी चिकटली आहेत ते बघायचं. निव्हालिसची दोन्ही पानं नमस्कारात जोडलेल्या तळहातांसारखी, सपाट, समोरासमोर असतात. एल्वेसिआय आणि वोरोनोविआयमध्ये एक पान दुसऱ्याला बुडाशी गुंडाळून घेतं. बाहेरचं पान आतल्याच्या दोन्ही कडा झाकतं. प्लिकेटसच्या पानांच्या कडा मागच्या बाजूला दुमडलेल्या असतात, बोट फिरवलं तरी कळतात. चार जातींचे तीन गट इथेच पडतात, आणि फूल उमललेलं नसलं तरी पडतात.

मग रंग. एल्वेसिआयचं पान रुंद आणि राखाडी-निळसर असतं, टोक थोडं आत वळलेलं. वोरोनोविआयचं पान स्वच्छ चकचकीत हिरवं, राखाडी झाक अजिबात नाही. निव्हालिसचं अरुंद आणि निळसर झाकेचं. हे रंग ढगाळ दिवशी जास्त स्पष्ट दिसतात. हिवाळ्यातलं तिरपं ऊन पानावर पडलं की सगळीच पानं चमकतात, तेव्हा रंगावरून निवाडा करू नका.

बघायची योग्य वेळ म्हणजे कोंब दोन-तीन बोटं वर आल्यानंतरची. पुढे पानं लांबून पसरली तरी बुडाची ठेवण टिकते, पण ती शोधायला माती बाजूला सारावी लागते. पालापाचोळा बोटाने हलकेच सरकवा. रोप उपटून बघू नका. पुंजका दाट असेल तर मधल्या रोपांकडे पाहण्यात अर्थ नाही, तिथे पानं एकमेकांत दाबली गेलेली असतात. कडेची सुटी रोपं शोधा आणि एकावर न थांबता तीन-चार बघा.

अजून एक इशारा. जुन्या बागांत निव्हालिस आणि प्लिकेटस ह्यांचा संकर सर्रास होतो. पानाची एक कड दुमडलेली, दुसरी सपाट, असं काही दिसलं तर डोकेफोड करू नका, तो संकर आहे. असली रोपं बहुतेक वेळा दणकट असतात आणि मी ती आनंदाने घेते. फक्त त्यांच्या पाटीवर निव्हालिस लिहीत नाही.

कोरड्या कंदावरून जात ओळखण्याचा नाद मात्र सोडा. सेंटिमीटर-दोन सेंटिमीटरचे तपकिरी सालीचे कंद सगळे सारखेच दिसतात. म्हणूनच माझं ठाम मत आहे की पहिला स्नोड्रॉप पानांसकट घ्यावा, जानेवारी ते मार्चमध्ये, कुंडीतला. कुंडी तिरकी करा, बूड बघा, मग पैसे द्या.

अवतरणातलं तिसरं नाव

हे निवडक वाणाचं नाव. ‘फ्लोरे प्लेनो’ म्हणजे भरगच्च, दुहेरी पाकळ्यांचं. ह्याला बी धरत नाही, कंदच वाढत जातात. ‘विरिडॅपिस’ म्हणजे हिरव्या टोकाचं. ‘एस. आर्नॉट’ हे स्कॉटलंडमधल्या सॅम्युएल आर्नॉट ह्यांच्या नावाचं, उंच, सुवासिक आणि नवशिक्यालाही साथ देणारं. गॅलँथोफाइल म्हणवणारे शौकीन ह्या तिसऱ्या नावासाठी वेडे होतात; २०१५ मध्ये ‘गोल्डन फ्लीस’चा एक कंद लिलावात १,३९० पौंडांना गेला. तुम्हाला बाग पांढरी करायची असेल तर साधा निव्हालिस घ्या आणि तिसरं नाव दोन-तीन वर्षांनी बघा.

घेताना आणि लावताना

कंद वाफ्यात वाढवलेला आहे, रानातून खणलेला नाही, हे विक्रेत्याला विचारा. एल्वेसिआय आणि वोरोनोविआयबद्दल तर विचाराच, कारण हे दोन्ही तुर्कस्तान आणि जॉर्जियाच्या डोंगरांतून मोठ्या प्रमाणावर खणून नेले गेले आहेत. सगळे गॅलँथस सायटिस, म्हणजे रानटी प्राणी-वनस्पतींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावरच्या कराराच्या परिशिष्ट २ मध्ये आहेत, त्यामुळे कंद देशाबाहेर न्यायला परवाना लागतो. पुण्या-मुंबईला भेट म्हणून बॅगेत टाकू नका. तिथे तो जगणारही नाही. त्याला दर वर्षी कित्येक आठवड्यांची सलग थंडी लागते.

शरदातल्या जाळीच्या पिशवीला माझा विरोध आहे त्याचं कारण ट्यूलिपशी तुलना केली की कळतं. ट्यूलिपच्या कंदाला जाड साल असते, तो दुकानात महिनोन्‌महिने तग धरतो. स्नोड्रॉपचा कंद लहान, साल पातळ. उन्हाळ्यापासून कोरडा ठेवला की आतून सुकतो. घ्यायचाच असेल तर दाबून टणक लागतो का बघा आणि त्याच दिवशी लावा. शेजाऱ्याने पुंजका दिला तर मातीच्या गड्ड्यासकट आणा, कारण ह्या मोसमात तुटलेली मुळं पुन्हा फुटत नाहीत.

पानझडी झाडाखाली आठ-दहा सेंटिमीटर खोल, पाल्याचं खत घालून लावा आणि पाणी द्या. हातमोजे घाला, कंद विषारी आहे. हे झाड कांदा-लसणाच्याच कुलातलं आणि कंदही छोट्या कांद्यासारखा दिसतो, म्हणून घरात लहान मुलं असतील तर कंद स्वयंपाकघराच्या ओट्यावर ठेवू नका. ह्याच प्रजातीत सापडलेलं गॅलँटामाइन अल्झायमरच्या औषधात वापरतात, पण तो औषध कारखान्याचा विषय आहे, परसातल्या काढ्याचा नाही.

फुलं गेल्यावर पानं आपोआप पिवळी पडेपर्यंत गवत कापायचं नाही. पुंजका दाटला की तीन-चार वर्षांनी वेगळा करा.

पाटी

मे-जूनमध्ये वर काहीच उरत नाही, आणि मग त्याच जागी दुसरं काही लावताना फावडं कंदातून जातं. पट्टीवर पूर्ण नाव, कुठून आणलं आणि वर्ष लिहा. पेन्सिलने लिहा, शाईच्या पेनाची अक्षरं उन्हाने उडतात, पेन्सिलची टिकतात. दुसरी तशीच पट्टी पुंजक्याच्या उत्तरेला, कंदाच्या खोलीवर आडवी पुरा. वरची पट्टी पक्षी उपटतात, मुलं खेळायला नेतात, खालची राहते. जात नक्की ठरली नसेल तर पट्टीवर नुसतं ‘गॅलँथस’ लिहा आणि पुढच्या जानेवारीत पानाचं बूड बघून दुसरा शब्द भरा.