मायाटॉर्च बनवायची कशी: चार भिंगं, एक पट्टी अन जुनी चप्पल

आमच्या सातवीतल्या एका लेकरानं वहीत गोष्ट लिहिली. हिरोकडं हातात धरायची मायाटॉर्च असते, बटन दाबलं की उजेड वाकतो अन समोरचा माणूस दिसायचाच बंद होतो, त्याच्या मागचं लिंबाचं झाड मात्र दिसत राहतं. वही परत घेताना त्यानं हळूच विचारलं, "सर, हे खरंच करता येतं का?" मला लई बरं वाटलं त्या प्रश्नाचं. अख्खा माणूस नाही लपवता येणार, पण हातातला पुठ्ठा लपवता येतो, त्याला बटनही लागत नाही अन सेलही लागत नाही.

उजेड वाकतो हे आपल्याकडं वेगळं शिकवायची गरजच नाही. मे महिन्यात दुपारी बीडकडून गेवराईच्या रस्त्यानं निघा, पुढं डांबरावर पाणी साचल्यावानी दिसतं, जवळ गेलं की गायब. ते पाणी म्हणजे आभाळ असतंय. डांबराला चिकटून असलेली हवा लई तापलेली अन विरळ, वरची त्या मानानं थंड, म्हणून आभाळातून तिरका खाली येणारा उजेड हळूहळू वळून परत वर आपल्या डोळ्यात येतो. हवा वाकवते ते काम आपण काचेकडून करून घ्यायचं. 2014 साली अमेरिकेतल्या रोचेस्टर विद्यापीठात जॉन हॉवेल अन त्यांचा विद्यार्थी जोसेफ चोई यांनी चार साधी भिंगं एका ओळीत ठेवून हे करून दाखवलं, अन अंतरं काढायचं सूत्रही सगळ्यांना देऊन टाकलं. मी तेच सूत्र घेऊन आपल्याला जमंल अशा मापात बसवलंय.

सामान: 15 सेंमी नाभीय अंतराची (लांबून आलेला उजेड भिंगापासून जेवढ्या अंतरावर एका ठिकाणी गोळा होतो ते अंतर) दोन बहिर्गोल, म्हणजे मधे फुगीर भिंगं, 5 सेंमीची दोन, अडीच फुटाची सरळ लाकडी पट्टी, जुन्या जाड चपला, एक पुठ्ठा. प्रयोगशाळेचं सामान विकणाऱ्या दुकानात भिंगं मिळतात. मोठी म्हणजे 15 ची भिंगं 5 सेंमी रुंद घ्या, छोटी म्हणजे 5 ची निदान 3 सेंमी रुंद तरी पाहिजेत. दुकानदार म्हणंल 5 नाभीय अंतराचं नाही, 10 चं घेऊन जा. 10 चं घेतलं अन सोबत 20 चं लावलं तर पट्टीच सव्वा मीटरची होते, मग ती हातात धरायची राहत नाही, टेबलावर ठेवावी लागते. म्हणून 5 साठी थांबा.

अंतराचा हिशोब असा: मोठ्या भिंगाचं नाभीय अंतर अन छोट्याचं, दोन्हींची बेरीज करायची, तेवढं अंतर मोठ्या-छोट्याच्या जोडीत ठेवायचं. 15 अन 5, झाले 20. दोन छोट्या भिंगांच्या मधलं अंतर काढायला त्या बेरजेला छोट्याच्या दुपटीनं गुणायचं अन दोन्हींच्या फरकानं भागायचं, म्हणजे 20 गुणिले 10 भागिले 10, परत 20 च. मला ही 15-5 ची जोडी म्हणून तर आवडते, चारही भिंगं वीस-वीस सेंमीवर, लेकरांना पाठ करायला काही नाही. क्रम मोठं, छोटं, छोटं, मोठं. एकूण 60 सेंमी.

पण कापाकापी करायच्या आधी भिंगं मोजा, हे मी जोर देऊन सांगतो. माझं 15 म्हणून आणलेलं एक भिंग साडेसोळा निघालं अन दोन दिवस मला कळंना की सगळं धुरकट का दिसायलंय. वर्गाच्या आत उभं राहून दारातून दिसणारं लांबचं झाड भिंगातून कोऱ्या कागदावर पाडायचं, झाड उलटं अन चरचरीत उमटलं की भिंग ते कागद अंतर मोजायचं, तेच खरं नाभीय अंतर. जे आकडे येतील ते हिशोबात घाला.

भिंगं उभी करायला चपलेचा जाड तळवा लई कामाचा. त्याचे चौकोनी तुकडे करा, वरून ब्लेडनं चीर पाडा, भिंग त्यात घट्ट बसतं, काढताही येतं. झटपट चिकटणारा गम काचेजवळ आणू नका, त्याच्या वाफेनं भिंगावर पांढरी साय धरते. चारही भिंगांचे मध्य एका उंचीवर पाहिजेत, छोट्या भिंगाखाली रबराचा अजून एक थर द्या अन पट्टीच्या दोन टोकांना दोरा ताणून बघा. इथं घाई केली तर पुढं काहीच दिसत नाही.

आता जोडी-जोडीनं तपासा. एक मोठं अन एक छोटं 20 सेंमीवर ठेवून छोट्याकडून डोळा लावून पाण्याच्या टाकीकडं बघा, टाकी उलटी अन तिप्पट मोठी दिसली पाहिजे, म्हणजे तुमची दुर्बीणच झाली. अस्पष्ट असंल तर छोटं भिंग जरासं पुढंमागं सरकवा. दुसरी जोडी तशीच लावा. मग दोन्ही जोड्यांची छोटी भिंगं समोरासमोर करून 20 सेंमीवर ठेवा. आता टाकी सरळ अन आहे तेवढीच दिसती, जसं काही मधे भिंगं नाहीतच. पहिल्यांदा हे बघितल्यावर मी बराच वेळ नुसता टाकीकडंच बघत उभा होतो. पट्टीच्या मधोमध खाली पाईपचा तुकडा मूठ म्हणून ठोका.

पुठ्ठ्याची चकती कापा, मधे दीड सेंमीचं भोक. कुणाला तरी मायाटॉर्च धरायला लावा, तुम्ही चार-पाच मीटर मागं जाऊन एक डोळा मिटून भिंगांच्या सरळ रेषेत बघा. तुमच्या बाजूच्या मोठ्या भिंगापासून साधारण 15 सेंमीवर चकती आडवी घातली की चकतीनं जवळजवळ सगळी वाट अडवलेली असते, तरी भिंगात मागचं झाड तसंच्या तसं! कारण झाडाकडून येणारा सगळा उजेड पलीकडच्या भिंगांनी आत ओढून त्या जागी बारीक केलेला असतो, तो भोकातून निघून येतो अन तुमच्या बाजूच्या मोठ्या भिंगापर्यंत परत पसरतो. बोट कडेनं घाला, बोटही दिसत नाही, फक्त ते अगदी मधोमध नेऊ नका, तिथंच उजेडाची वाट आहे, तिथं गेलं की झाडच गायब होतं.

कडेला थोडी काळी किनार अन निळा-लाल रंग दिसंल. साध्या काचेत निळा उजेड लालपेक्षा जास्त वाकतो म्हणून ते होणारच, दुरुस्त करत बसू नका. बाजूला सरकलं की जादू मोडते हेही लेकरांना आधीच सांगा.

सूर्याकडं धरून बघायचं नाही, कधीच नाही, डोळा जाईल. अन काम झालं की भिंगं फडक्यात गुंडाळून पेटीत ठेवा. आमच्या शाळेच्या मागं कापूस झाल्यावर पऱ्हाट्यांची गंजी लागते, अशा ठिकाणी उघडं भिंग उन्हात विसरलं तर आग लागायला वेळ लागत नाही.