शॉर्टफिल्ममध्ये विनोदवीर स्वतःचीच भूमिका करतो तेव्हा

स्टँडअप करणारा कलाकार स्वतःच्याच नावाने कॅमेऱ्यासमोर उभा राहिला की पहिला घोळ पंचनंतर, म्हणजे विनोदाच्या शेवटच्या हसवणाऱ्या वाक्यानंतर होतो. स्टेजवर हशा ओसरेपर्यंत थांबायची सवय अंगात मुरलेली असते. सेटवर युनिटने हसायचं नसतं, तरी तो दीड-दोन सेकंद थांबतो आणि भुवया उंचावतो. पडद्यावर ते आगाऊ दिसतं. दोघं एकाच फ्रेममध्ये असतील तर तो विराम एडिटवर कापताही येत नाही.

म्हणून तालमीत समोरच्या नटाला पंचचा शेवटचा शब्द संपताक्षणी पुढचं वाक्य घ्यायला लावा. चार-पाच वेळा असं झालं की वाट बघणं आपोआप सुटतं. क्लोजअपला मात्र वाक्यावर वाक्य चढू देऊ नका, आवाज वेगळे करता येत नाहीत.

लिहिताना अख्खा माणूस आणायचा मोह टाळा. १० मिनिटांत एकच खोड पुरते. समजा, खिशात हात घालायची वेळ आली की तो टाळतो. उडप्याच्या हॉटेलात बशीतून बिल येतं. तो बडीशेप तोंडात टाकतो, फोन कानाला लावतो, "हां, बोल" म्हणतो. फोनचा स्क्रीन काळाच. इथे त्याचा गाजलेला विनोद घातलात तर सीन मेला, कारण तो लोकांनी मोबाईलवर आधीच पाहिलेला असतो.

नाव फक्त त्याचं खरं ठेवा. बायको, आई, जुना रूममेट यांची नावं बदला, आणि तरीही माणूस ओळखू येत असेल तर शूटिंगआधी लेखी संमती घ्या.

पहिले दोन टेक लिहिल्याप्रमाणे, तिसरा मोकळा. पण मोकळ्या टेकचंही पहिलं आणि शेवटचं वाक्य ठरलेलं हवं, नाहीतर तो कशालाच जोडता येत नाही. सुचेल तसं बोलणारा माणूस हातही बदलतो. पेला कुठल्या हातात, चहा किती उरलाय, याचा फोटो प्रत्येक शॉटआधी काढा.

कपडे त्याचेच चालतील, पण बारीक रेघांचा शर्ट नको. कॅमेऱ्यात रेघा लाटांसारख्या हलतात. लेपल माईक (कपड्याला अडकवायचा छोटा माईक) हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा. सिंथेटिक कापड खसखसतं, सुती बरं. तो मध्येच ओरडणार हे गृहीत धरून रेकॉर्डरची पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा.

खऱ्या शोचं चित्रीकरण असेल तर सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० सेकंदाचं शटर ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची, दुसऱ्या आकड्यांवर काही दिवे लुकलुकतात. हशा वेगळ्या माईकवर घ्या.

पहिला कट त्याला न ओळखणाऱ्या पाच-सहा जणांना दाखवा आणि ते कुठे हसले त्याच्या वेळा टिपा. हशात पुढचं वाक्य बुडत असेल तर मध्ये बिनसंवादाचा एखादा शॉट टाका: वेटर टेबल पुसतोय, बशीतलं बिल पंख्याने फडफडतंय.